मित्राला आयपी दिला तरी गेम जॉइन होत नाही. बरोबर आयपी कुठून शोधायचा?

प्रश्नाखालचा तपशील वाचला. माइनक्राफ्टचा सर्व्हर घरच्या कॉम्प्युटरवर, आयपीकॉन्फिग ही कमांड मारून आलेला १९२.१६८ वाला आकडा दुसऱ्या गावातल्या मित्राला पाठवला, आणि त्याच्याकडं 'कनेक्शन टाइम्ड आउट'. त्यावर कुणीतरी एका ओळीत सल्लाही देऊन टाकलाय की पोर्ट फॉरवर्ड करा, म्हणजे बाहेरून आलेली हाक राउटरला त्या कॉम्प्युटरकडं वळवायला सांगा. ती ओळ वाचून राहवलं नाही, म्हणून लिहितोय. थोडं लांबेल.

आधी सरळ उत्तर. आयपी म्हणजे नेटवर्कवरचा मशीनचा पत्ता. १९२.१६८, १० किंवा १७२.१६ ते १७२.३१ नं सुरू होणारा आयपी घरातल्या घरात चालतो, बाहेर त्याला कुणी विचारत नाही. बाहेरच्याला तुमचा पब्लिक आयपी लागतो. गूगलवर 'व्हॉट इज माय आयपी' टाका, दिसेल. त्यापुढं विसर्गासारखी दोन टिंबं आणि पोर्ट, म्हणजे त्या पत्त्यावरच्या दाराचा नंबर: जावा एडिशनला २५५६५, बेडरॉकला १९१३२. सर्व्हर न लावता गेममधून नुसतं 'ओपन टू लॅन' (लॅन म्हणजे एकाच जागेतलं नेटवर्क) केलं असेल तर पोर्ट दर वेळी वेगळा येतो, तो चॅटमध्ये दिसतो. इथपर्यंत सगळेच सांगतात. गोची याच्या पुढं आहे.

कऱ्हाडात माझा गेमिंग कॅफे होता. काउंटर-स्ट्राइक १.६, एज ऑफ एम्पायर्स, मोस्ट वाँटेड, सगळं लॅनवर. वायरिंग मीच केलेलं. केबलचं साल काढून आठ तारा ओळीत धरायच्या: नारिंगी-पांढरी, नारिंगी, हिरवी-पांढरी, निळी, निळी-पांढरी, हिरवी, तपकिरी-पांढरी, तपकिरी. हिरवीची जोडी निळीला मधे घेऊन बसते, नवशिका तिथंच चुकतो. प्रत्येक मशीनचा आयपी मी हातानं दिलेला आणि मॉनिटरच्या कडेला मार्करनं लिहिलेला. गेममध्ये सर्व्हरची यादी आली नाही की पोरं ओरडायची, "दादा, सर्व्हर गेला!" गेलेला नसायचा. ती यादी ब्रॉडकास्टवर, म्हणजे सगळ्या मशीनना एकदम मारलेल्या हाकेवर चालते, कधी येते कधी नाही. एस्केपच्या खालचं टिल्डाचं बटण दाबायचं, कन्सोलमध्ये 'कनेक्ट', मॉनिटरवरचा आकडा, २७०१५, एंटर. आत.

हे सांगायचं कारण, आमचे साडू. हिंजवडीत आयटीत मॅनेजर आहेत. त्यांच्या लेखी कॅफेवाला म्हणजे वायरी जोडणारा माणूस. २०२० च्या लॉकडाउनमध्ये त्यांच्या मुलाला मित्रांबरोबर माइनक्राफ्ट खेळायचं होतं. "काका, तुमच्याकडं सर्व्हर लावा ना." कॅफेचं एक जुनं मशीन घरात पडूनच होतं, लावला. त्या मशीनचा आयपी राउटरमध्ये राखून ठेवला, २५५६५ हा पोर्ट (टीसीपी प्रकारचा) त्याच्याकडं वळवला, विंडोजच्या फायरवॉलमध्ये जावाला प्रायव्हेट-पब्लिक दोन्हीकडं टिक केलं. घरात सगळं चालतंय, पुण्यातून कुणालाच येता येईना. पोर्ट तपासणारी साइट म्हणते, बंद.

आणि साडू व्हिडिओ कॉलवरून उंटावरून शेळ्या हाकतायत. "अहो, पोर्ट फॉरवर्डिंग नीट केलंय ना? आमच्या ऑफिसातली पोरं पाच मिनिटांत करतात." बायको शेजारी, मेहुणी समोर, पोरगं हिरमुसलेलं. मी म्हटलं, केलंय. ते म्हणाले, "मग राउटरच बदला."

राउटर बदलायच्या आधी एक गोष्ट बघायची असते, ती तुम्हीही आज बघा. ब्राउझरमध्ये १९२.१६८.१.१ (काही ठिकाणी ०.१) टाकून राउटरचं पान उघडा, 'स्टेटस'मध्ये जा, 'वॅन आयपी', म्हणजे राउटरला बाहेरून मिळालेला आकडा, वाचा. मग गूगलनं सांगितलेला आकडा वाचा. दोन्ही सारखे असतील तर पोर्ट फॉरवर्डचा सल्ला बरोबर. वेगळे असतील तर तो सल्ला कचऱ्यात टाका. माझ्याकडं राउटर सांगत होता १००.७२ काहीतरी, गूगल सांगत होतं १०३ नं सुरू होणारा. निकाल तिथंच लागला.

१००.६४ ते १००.१२७ हा टापू २०१२ साली खास इंटरनेट पुरवणाऱ्यांसाठी बाजूला काढून ठेवला गेला. एका पब्लिक आयपीमागं शेकडो गिऱ्हाइकं बसवायची आणि आतल्या आत त्यांना हे १०० चे आकडे वाटायचे. सीजीनॅट म्हणतात त्याला. वाड्याला टपालपेटी एकच, वर बिऱ्हाडाचं नाव नाही. तुम्ही पाठवलेल्या पत्राचं उत्तर तुमच्याकडं येतं, पण बाहेरून कुणी आपणहून पत्र टाकलं तर ते कुणाचं हे पोस्टमनला कळायला मार्ग नाही. मी माझ्या खोलीचं दार कितीही उघडं ठेवलं तरी काय उपयोग? पोर्ट उघडायला हवा तो त्यांच्या मशीनवर, आणि ते तो उघडत नाहीत.

यात पुरवणाऱ्याची लबाडीच असते असं नाही. जुन्या पद्धतीचे पत्ते जगात मिळून सुमारे ४२९ कोटी, त्यातही बरेच राखीव. आपल्या आशिया-पॅसिफिकचा साठा एप्रिल २०११ मध्ये शेवटच्या गठ्ठ्यावर आला आणि तेव्हा ठरलं की यातून एका संस्थेला जास्तीत जास्त १,०२४ पत्ते. तो गठ्ठा म्हणजेच १०३ नं सुरू होणारे आकडे. म्हणून गल्लीबोळातल्या केबलवाल्यांकडं १०३ इतका दिसतो. त्यांची गिऱ्हाइकं काही हजार, पत्ते हजारभर. वाटून खाणार नाहीत तर काय करतील?

आमच्या केबलवाल्याला फोन केला तर म्हणतो, "दादा, नेट चालतंय ना? मग आयपी काय करायचाय?" खनपटीला बसलो तेव्हा वर्षाचे वेगळे पैसे घेऊन पब्लिक आयपी दिला. त्याच संध्याकाळी पुण्यातली पोरं सर्व्हरवर. राउटरमधल्या पोर्टच्या नियमाला मी बोटही लावलं नव्हतं. तरी फॅमिली ग्रुपवर साडूंचा मेसेज: "शेवटी राउटरचंच सेटिंग होतं." खाली सगळ्यांचे अंगठे. आमच्या हिचाही.

पुढं त्यांनी नवा फ्लॅट घेतला, नवं कनेक्शन आलं, आणि मुलानं तिथं सर्व्हर लावायचं ठरवलं. वॅन आयपी १०० नं सुरू. सर्व्हर परत कऱ्हाडात आला. ग्रुपवर याबद्दल एक अक्षर नाही.

असो. पब्लिक आयपी मागताना 'स्टॅटिक' एवढंच म्हणू नका. स्टॅटिक म्हणून १० नं सुरू होणारा कायमचा आकडा हातात ठेवणारेही भेटतात, तो गेमला निरुपयोगी. 'पब्लिक' हा शब्द वापरा आणि मिळाल्यावर वॅन आयपी पुन्हा वाचा. पब्लिक असून बदलता असेल तरी चालतं, डायनॅमिक डीएनएसचं नाव (आकडा बदलला तरी तुमच्याकडंच आणणारं) घ्या आणि मित्रांना आकड्याऐवजी ते द्या. आणखी एक: पब्लिक आयपी टाकून स्वतःच्याच वायफायवरून तपासू नका. बरेच राउटर स्वतःचीच हाक आत वळवत नाहीत, सगळं ठीक असूनही बंद दिसतं. मोबाइल डेटावरून दुसरा फोन किंवा लॅपटॉप जोडून बघा.

मोठ्या गेमचा आयपी हवा असेल, म्हणजे व्हॅलोरंट, बीजीएमआय वगैरे, तर तो शोधून हाती काही लागत नाही. जॉइन करायला तो लागतच नाही, मॅच जमवणारी यंत्रणा तुम्हाला कुठं टाकायचं ते ठरवते. पिंगसाठी (सर्व्हरचं उत्तर यायला लागणारा वेळ) बघायचाच असेल तर कॉम्प्युटरवरच्या गेमला विंडोजमध्ये रिसोर्स मॉनिटर उघडा, नेटवर्क टॅबमध्ये गेमच्या नावावर टिक करा, खाली पत्ते दिसतील. 'नेटस्टॅट ही कमांड मारा' सांगणाऱ्यांनी तो स्वतः मारून पाहिलेला नसतो. गेमचा खेळ बहुतेक यूडीपीवर (आधी कनेक्शन न जोडता डेटा पाठवायची पद्धत) चालतो आणि नेटस्टॅट यूडीपीपुढं समोरच्याचा पत्ता दाखवतच नाही, नुसत्या चांदण्या दाखवतो.

दुसऱ्या खेळाडूचा आयपी हवा असेल तर माझ्याकडून उत्तर नाही. जुन्या गेममध्ये मशीन थेट मशीनला जोडलं जायचं तेव्हा तो दिसायचा. आता मोठ्या गेममध्ये मधे कंपनीचा सर्व्हर असतो. दिसला तरी त्यातून कुणाच्या घराचा पत्ता कळत नाही, फार तर पुरवठादार आणि अंदाजे शहर. आणि हरल्याच्या रागात कुणाचं नेट पाडलंत तर आयटी कायद्याच्या ६६ कलमात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पाच लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पोरांना हे सांगून ठेवा.

आता खरं सांगायचं तर तीन-चार मित्रांना शनिवारी रात्री खेळायचंय, एवढंच असेल तर यातलं काहीच करू नका. दोन्हीकडं रॅडमिन व्हीपीएन (दूरची मशीन एकाच लॅनवर असल्यासारखी जोडणारं सॉफ्टवेअर) टाका, एकाच नेटवर्कमध्ये या, आणि त्यात दिसणारा २६ नं सुरू होणारा आयपी मित्राला द्या. हमाचीही चालतं, तिथं आकडा २५ नं सुरू होतो आणि फुकटात पाच मशीनपर्यंतच. सीजीनॅट असो नसो, बहुतेक वेळा जमून जातं. हे मी तेव्हा का नाही केलं? कारण साडू म्हणाले होते, राउटर बदला.

पब्लिक आयपीवर पोर्ट उघडलात तर व्हाइटलिस्ट, म्हणजे ठरवलेल्या नावांनाच आत घेणारी यादी, चालू करायला विसरू नका. २५५६५ उघडा आहे का हे चाचपत फिरणारे बॉट रात्रंदिवस चालू असतात, आणि आयपी कुणालाही न सांगता अनोळखी नावं सर्व्हरच्या लॉगमध्ये येऊ लागतात.