‘वैयक्तिक अडचणी’चा अर्ज आणि कलम 9 ची मुदत

तहसील कार्यालयात महसूल सहायक असलेल्या एका भगिनीचे पत्र 20 फेब्रुवारीला माझ्याकडे आले. ऑगस्टअखेरीस अतिवृष्टीच्या संयुक्त पंचनाम्यांच्या याद्या जुळवण्यासाठी दुसऱ्या खात्याचा एक अधिकारी त्यांच्या टेबलाशी येऊन बसू लागला. आधी नको तितकी जवळीक, मग नको ते बोलणे आणि शेवटी रात्री-अपरात्री संदेश सुरू झाले, त्यातला अखेरचा संदेश 11 सप्टेंबरचा. 6 ऑक्टोबरला त्यांनी तहसीलदारांकडे टेबल बदलून मागितले. 5 जानेवारीला टेबलाऐवजी तालुकाच बदलला आणि त्या साठ किलोमीटर दूर गेल्या. आता त्यांचे प्रश्न तीन आहेत. ‘विशाखा समिती’कडे, म्हणजे लैंगिक छळाच्या तक्रारी ऐकणाऱ्या कार्यालयाच्या अंतर्गत समितीकडे, अजून जाता येईल का? तो माणूस आपल्या खात्याचा नाही, तेव्हा आपली समिती काय करणार, असे अव्वल कारकून म्हणतात, ते खरे का? आणि बदलीचे काय करायचे?

अशी पत्रे मला ग्रामसेविकांकडून येतात, परिचारिकांकडून येतात, पोलीस दलातल्या महिलांकडूनही येतात. तपशील बदलतात, पण उशीर तोच असतो. त्यामुळे घडले तो लैंगिक छळ होता की नव्हता, यावर मी जागा खर्च करत नाही. पत्रातील वर्णन खरे असेल तर तो होता. या प्रकरणाचा निकाल त्या वर्णनावर लागणारच असेल, तर तो नंतर. आधी तो तारखांवर लागणार आहे, आणि म्हणून त्यांना त्याच रात्री दोन ओळींचे उत्तर धाडून मगच हे सविस्तर लिहीत आहे.

कामाच्या ठिकाणी महिलांच्या लैंगिक छळाला प्रतिबंध करणाऱ्या 2013 च्या कायद्याचे कलम 9 सांगते की लेखी तक्रार घटनेपासून तीन महिन्यांच्या आत, आणि घटना एकामागून एक घडल्या असतील तर शेवटच्या घटनेपासून तीन महिन्यांच्या आत, समितीकडे दिली पाहिजे. त्याच कलमाच्या परंतुकानुसार (म्हणजे कलमाला जोडलेल्या पुस्तीनुसार), तक्रार वेळेत देता येऊ नये अशी परिस्थिती होती याची खात्री पटल्यास समिती कारणे लेखी नोंदवून मुदत वाढवू शकते, मात्र ती वाढही तीन महिन्यांहून जास्त असू शकत नाही. तुमचे पहिले तीन महिने 11 डिसेंबरला संपले. दुसरे तीन 11 मार्चला संपतील, आणि मी माझ्या अशिलांना नेहमी एक दिवस अलीकडची तारीख देतो, म्हणून तुमच्यासाठी 10 मार्च, मंगळवार. मध्ये धुळवड आहे, शनिवार-रविवार आहेत, आणि 8 मार्च रविवारी येत असल्याने महिला दिनाचा कार्यक्रम बहुधा शुक्रवारीच उरकला जाईल, त्यात समितीच्या सदस्या गुलाबपुष्पे वाटण्यात गुंतलेल्या असतील. हे दिवस वजा करून हिशेब करा.

मुदत 5 जानेवारीच्या बदलीपासून मोजता येईल, असे तुम्हाला कोणीतरी सुचवलेले दिसते. त्या भरवशावर राहू नका. कोलकात्याच्या विधी विद्यापीठातील एका अध्यापिकेने कुलगुरूंविरुद्ध नेमका हाच युक्तिवाद केला होता. तिच्या म्हणण्यानुसार छळाची शेवटची घटना एप्रिल 2023 मधली, पद काढून घेतले ऑगस्टमध्ये आणि तक्रार दिली 26 डिसेंबरला. पद काढून घेणे ही प्रशासकीय कृती आहे, ती स्वतः लैंगिक छळाची घटना नव्हे आणि तिच्यापासून मुदत नव्याने सुरू होत नाही, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 12 सप्टेंबर 2025 रोजी तक्रार मुदतबाह्य ठरवली. ज्यांच्यावर आरोप होता त्यांच्या परिचयपत्रात हा निकाल कायम नमूद राहावा, असेही न्यायालयाने सांगितले, म्हणजे न्यायालयाला काय वाटत होते ते उघड आहे. तरीही तक्रार गेलीच. तुमच्या बदलीमागे त्या अधिकाऱ्याचा हात होता असे दाखवणारा कागद हाती लागला तर गोष्ट कदाचित वेगळी होईल, पण असा कागद तुमच्यापाशी आज तरी नाही.

आता त्या 6 ऑक्टोबरच्या अर्जाविषयी. त्याची प्रत तुम्ही जोडली आहे आणि ती वाचून मला, स्पष्टच सांगतो, राग आला. त्या दिवशी तुमच्या हाती दोन महिन्यांहून अधिक मुदत शिल्लक होती, आणि तुम्ही लिहिले, ‘काही वैयक्तिक अडचणींमुळे माझे टेबल बदलून मिळावे, ही नम्र विनंती’. दुसऱ्याच्या वागण्याला तुम्ही स्वतःची अडचण म्हटलेत आणि तसे सहीनिशी नोंदवूनही ठेवलेत. अशा अर्जांत हे दोन शब्द मी इतक्या वेळा पाहिले आहेत की सरकारी नमुन्यातच ते छापलेले असावेत अशी शंका येते. समोरचा अधिकारी चौकशीत पहिल्यांदा हाच अर्ज पुढे करील आणि विचारील की तेव्हा छळ होत होता तर तसे लिहिले का नाही. त्या प्रश्नाचे उत्तर त्याने विचारण्याआधी, तुमच्या तक्रारीतच असले पाहिजे.

म्हणून तक्रारीतील सर्वांत महत्त्वाचा परिच्छेद घटनांचा नसून उशिराच्या कारणांचा असेल. ‘मानसिक तणावामुळे विलंब झाला’ असे एक वाक्य टाकून मोकळ्या होऊ नका, कारण समितीला कारणे नोंदवावी लागतात आणि तुम्ही दिली नाहीत तर ती काय नोंदवणार? तुमच्या पत्रातच सामग्री आहे. नुकसानभरपाईच्या याद्या दिवाळीआधी पूर्ण करायच्या म्हणून सुट्ट्या रद्द होत्या. पतीने ‘नोकरी टिकवायची असेल तर गप्प बस’ असे सांगितले. नोव्हेंबरात झोप लागेना म्हणून तुम्ही डॉक्टरांकडे गेलात, त्यांची चिठ्ठी आहे. आणि ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात तुम्ही नायब तहसीलदार मॅडमना तोंडी सगळे सांगितले होते, तेव्हा ‘लेखी काही देऊ नकोस, टेबल बदलून घे’ असा सल्ला त्यांनीच दिला. हे सारे तारीखवार लिहा, आणि जे घडले नाही ते एक अक्षरही लिहू नका.

यातील शेवटची गोष्ट तुम्ही पत्राच्या तळाशी, ता. क. म्हणून लिहिली आहे. माझ्या दृष्टीने ती पहिली आहे. त्या मॅडम त्या वेळी समितीच्या सदस्य होत्या का, हे शोधून काढा. कलम 9 चे पहिले परंतुक असे आहे की महिलेला लेखी तक्रार करणे शक्य नसेल तर अध्यक्ष किंवा कोणत्याही सदस्याने तिला ती लेखी करण्यासाठी वाजवी मदत केली पाहिजे. सदस्यानेच लिहू नकोस म्हटले असेल तर विलंबाचा दोष तुमच्या एकटीच्या माथी मारणे समितीला अवघड जाईल. मुदतवाढ मिळेलच असे मी म्हणत नाही, कारण तो समितीच्या समाधानाचा प्रश्न आहे. पण 11 मार्चनंतर तो समितीच्याही हाती राहत नाही.

संदेश ‘डोळ्यांसमोर नकोत म्हणून’ खोडून टाकलेत, हेही वाचले. समजू शकतो, पण समर्थन करू शकत नाही. त्यातील दोन तुम्ही बहिणीला पाठवले होते ना? मग तिच्या मोबाइलला आता कोणी हात लावू नये आणि तिचे नाव साक्षीदारांत घालावे. समितीपुढे पुराव्याचे निकष न्यायालयाइतके काटेकोर नसतात, आणि आरोप सिद्ध करता आला नाही एवढ्यावरून तक्रार खोटी ठरवून तुमच्यावर कारवाई करता येत नाही. कलम 14 मध्ये ते स्पष्ट आहे.

अव्वल कारकुनांचे म्हणणे चूक आहे. भारतीय प्रशासकीय सेवेतील एका महिला अधिकाऱ्याने भारतीय महसूल सेवेतील अधिकाऱ्याविरुद्ध आपल्या स्वतःच्या विभागाच्या समितीकडे तक्रार केली, तेव्हा त्या अधिकाऱ्याने नेमका हाच आक्षेप घेतला होता. 10 डिसेंबर 2025 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला. पीडित महिलेच्या कार्यालयातील समिती दुसऱ्या कार्यालयातील माणसाविरुद्ध चौकशी करू शकते, आणि त्याच्या खात्याने तिला सहकार्य करून अहवालावर पुढची कारवाई करायची असते. नाहीतर महिलेने आपली तक्रार घेऊन त्या माणसाच्याच सहकाऱ्यांपुढे उभे राहायचे, असा अर्थ झाला असता.

तक्रार द्यायची कुठे, हा मात्र खरा पेच आहे. तुमच्या जुन्या कार्यालयातील जिन्याशेजारी समितीचा फलक आहे आणि त्यावरील अध्यक्षा दोन वर्षांपूर्वीच बदलून गेल्या, असे तुम्ही लिहिता. फलक रंगवला की कायदा पाळला, अशी समजूत असलेली कार्यालये मी पुष्कळ पाहिली आहेत. समिती न नेमणाऱ्याला कायद्यात 50,000 रुपयांपर्यंत दंड आहे, पण तो वसूल करण्याच्या खटपटीत आता शिरू नका. जिथे छळ झाला त्या कार्यालयाच्या समितीच्या नावे तक्रार करा आणि तीच जिल्हाधिकारी कार्यालयातील स्थानिक समितीकडेही त्याच दिवशी द्या. अंतर्गत समिती अस्तित्वात नव्हती असे उद्या निघाले तर स्थानिक समितीकडील पोच तुमच्या उपयोगी पडेल. नियमानुसार तक्रारीच्या सहा प्रती, जोडलेली कागदपत्रे आणि साक्षीदारांची नावे-पत्ते द्यावे लागतात. सगळे मोहोरबंद पाकिटात घाला, वर फक्त ‘अध्यक्ष, अंतर्गत समिती यांचेसाठी, गोपनीय’ असे लिहा, आणि बारनिशीच्या (आवक-जावक नोंदवहीच्या) लिपिकाकडून सोबतच्या एका ओळीच्या पत्रावर शिक्का, क्रमांक व तारीख घ्या. ‘साहेब आले की दाखवतो, मग क्रमांक टाकू’ हे उत्तर मिळाले तर तिथेच थांबा. तुम्ही स्वतः महसूल खात्यात आहात, बारनिशीत न चढलेल्या कागदाची किंमत तुम्हाला मी सांगायला नको.

पुढच्या चौकशीत वकील नेता येत नाही, दोन्ही बाजूंना. चौकशी 90 दिवसांत पूर्ण व्हावी असे कायदा म्हणतो, प्रत्यक्षात काय होते ते तुम्ही पाहालच. तरी त्या अधिकाऱ्याने उत्तरासाठी किंवा उलटतपासणीसाठी वाजवी मुदत मागितली तर विरोध करू नका. गोवा विद्यापीठातील एका प्राध्यापकाविरुद्धच्या 2009 मधील तक्रारींची चौकशी समितीने घाईने उरकली, त्याची नोकरी गेली, आणि 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या घाईवरच बोट ठेवून प्रकरण पुन्हा समितीकडे पाठवले. चौदा वर्षांनी! तक्रारदार विद्यार्थिनींच्या वाट्याला काय आले असेल, याची कल्पना करा.

तक्रारीसोबतच कलम 12 खालील अंतरिम दिलाशाचा अर्ज द्या. तीन महिन्यांपर्यंतची रजा मागता येते आणि ती तुमच्या हक्काच्या रजेतून वजा होत नाही. तो अधिकारी तुमचा गोपनीय अहवाल लिहिणाऱ्यांत येत नसल्याने ती काळजी तुम्हाला नाही, पण वरिष्ठाविरुद्ध तक्रार करणाऱ्या इतर भगिनींनी हे लक्षात ठेवावे की तक्रारदार महिलेचा अहवाल लिहिण्यापासून त्याला रोखण्याची शिफारस समिती करू शकते.

फौजदारी मार्ग वेगळा आणि अजून खुला आहे. भारतीय न्याय संहितेच्या कलम 75 मध्ये नको असलेली शारीरिक जवळीक आणि लैंगिक मागणी यांना तीन वर्षांपर्यंत शिक्षा असल्याने न्यायालयाने दखल घेण्याची मुदतही तीन वर्षे आहे, पण केवळ अश्लील शेरेबाजी असेल तर शिक्षा एक वर्षापर्यंत आणि मुदतही एक वर्षच. पोलिसांत जायचे की नाही, हे तुमच्या घरची स्थिती पाहिल्याशिवाय मी सांगणार नाही. समितीकडे गेल्याने तो मार्ग बंद होत नाही एवढे नक्की.

बदलीचा विषय तक्रारीत एका परिच्छेदापुरताच ठेवा. मुदतीपूर्वी बदली करताना विशेष कारणे लेखी नोंदवावी लागतात, असे 2005 चा बदल्यांचा कायदा सांगतो. ती कारणे माहितीच्या अधिकारात मागवा आणि आलेली पाहून ‘मॅट’मध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जायचे का ते ठरवा. तिथे साधारण एक वर्षाची मुदत असते, म्हणजे 5 जानेवारीच्या आदेशासाठी अजून अवधी आहे. नव्या कार्यालयात मात्र रुजू व्हा, विनापरवानगी गैरहजर राहून दुसऱ्या बाजूला आणखी एक कागद देऊ नका. आणि तहसीलदारांकडे पुन्हा ‘वैयक्तिक कारणास्तव बदली रद्द व्हावी’ असा अर्ज देण्याचा विचार पत्राच्या शेवटी बोलून दाखवला आहे, तो अर्ज लिहून झाला असेल तर फाडून टाका.