‘ग्रामीण शहर’, ‘कसबा’ की ‘तालुक्याचे गाव’: पारोळ्याच्या निमित्ताने

पारोळा तालुक्यातील एका शिक्षकांनी पुढील प्रश्न विचारला आहे. शाळेच्या स्मरणिकेसाठी ते पारोळ्याचा परिचय लिहीत असून त्यात भूगोल, इतिहास आणि लोकसंख्या यांची माहिती द्यायची आहे. पहिलेच वाक्य त्यांनी असे लिहिले: ‘पारोळा हे सरोवराच्या काठी वसलेले ग्रामीण शहर असून येथे सुमारे ३५ हजार लोकसंख्या राहते.’ वाचताना ‘ग्रामीण शहर’ त्यांना खटकते आणि ‘सरोवर’ जड वाटते. त्यांच्या जागी कोणते शब्द योजावेत, असे ते विचारतात.

खटकणे रास्त आहे. शासकीय आणि पाठ्यपुस्तकी मराठीत ‘ग्रामीण’ आणि ‘शहरी’ ही परस्परविरोधी विशेषणे म्हणून रुळली आहेत, त्यामुळे ती एकाच नामाभोवती आली की वाचक अडखळतो. परंतु ज्या वस्तुस्थितीसाठी हा जोडशब्द घडवावा लागला, ती मात्र खरी आहे. पारोळ्याला नगरपरिषद आहे, बाजारपेठ आहे, धुळे-जळगाव रस्त्यावरची वर्दळ आहे. आणि त्याच गावातील कितीतरी घरे आजही कपाशी, ज्वारी, बाजरीच्या शेतीवर चालतात. अशा वस्तीसाठी मराठीला नवा शब्द घडवण्याची गरज नाही. जुन्या दप्तरात ‘कसबा’ हा शब्द नेमक्या याच अर्थाने होता, आणि आजच्या बोलण्यात ‘तालुक्याचे गाव’ हा शब्दप्रयोग तेच काम करतो.

‘कसबा’ हा शब्द अरबीतून फारसीच्या वाटेने आपल्याकडे आला. खानदेशात ही परिभाषा रुजायला भरपूर अवधी मिळाला, कारण थाळनेर आणि नंतर बऱ्हाणपूर येथून राज्य करणाऱ्या फारुकी सुलतानांच्या काळापासून येथील महसुली कारभारावर फारसीची छाप होती आणि १६०१ मध्ये अकबराने असीरगड घेतल्यानंतर ती अधिकच पक्की झाली. मराठी कागदपत्रांत गावाच्या नावाआधी ‘मौजे’ किंवा ‘कसबे’ असे लिहिण्याची रीत होती. ‘मौजे’ म्हणजे महसुलाचे साधे गाव. ‘कसबे’ म्हणजे ज्याला बाजारपेठ आहे आणि जे बहुधा परगण्याचे मुख्य ठिकाण आहे असे गाव. हा भेद वस्तीच्या आकारावर आधारलेला नव्हता, कारभारावर होता. मौजेत पाटील आणि कुलकर्णी हे वतनदार पुरेसे असत. कसब्यात त्यांच्या जोडीला पेठेची व्यवस्था पाहणारे शेटे आणि महाजन असत. म्हणजे शेतसारा आणि बाजाराचे उत्पन्न या दोन्ही गोष्टी जेथे एकत्र नांदतात तो कसबा. ‘ग्रामीण शहर’ या शब्दाने आपल्याला जे सांगायचे आहे, ते याहून नेमके सांगणारा शब्द मला तरी आढळलेला नाही.

त्या जुन्या महसुली व्यवस्थेची खूण आपल्या भागात अजूनही दिसते. चाळीसगाव तालुक्यात ‘टाकळी प्र. चा.’ असे गावाचे नाव एस.टी.च्या पाटीवर आणि सातबाऱ्यावर वाचायला मिळते. त्यातील ‘प्र. चा.’ म्हणजे ‘परगणे चाळीसगाव’. टाकळी नावाची गावे अनेक असल्यामुळे परगणा सांगून ओळख पटवावी लागत असे. परगणे जाऊन दोन शतके होत आली, पण नावाच्या शेपटाला त्यांची दोन अक्षरे राहिली आहेत. विद्यार्थ्यांना ही अक्षरे उलगडून दाखवावीत, असे मला मनापासून वाटते, कारण ती वाचता येणे म्हणजे स्वतःच्या तालुक्याचा इतिहास वाचता येणे आहे.

पारोळ्याच्या बाबतीत ‘कसबा’ हा शब्द इतिहासाशी फार चांगला जुळतो. इंग्रजी अमदानीतील गॅझेटिअरमध्ये अशी नोंद आहे की पारोळा हे मूळचे अवघ्या ५० घरांचे खेडे होते आणि जहागीरदार हरी सदाशिव दामोदर यांनी त्याला तटबंदीच्या गावाचे रूप दिले. किल्ला १७२७ चा. भुईकोट असल्यामुळे त्याच्या रक्षणासाठी खंदक खोदला होता, प्रवेशद्वारापाशी काढता-घालता येणारा पूल होता, आणि किल्ल्याला लागूनच तलाव आहे. झाशीच्या नेवाळकर घराण्याची एक शाखा पारोळ्याची; १८५७ च्या उठावानंतर इंग्रज सरकारने येथील जहागीर जप्त केली आणि किल्ल्याची मोडतोड केली. खेडे, तटबंदी, पेठ आणि जहागिरीचे ठाणे असा हा क्रम सांगताना ‘या काळात पारोळ्याचा कसबा झाला’ असे वाक्य सहज लिहिता येते. ‘या काळात पारोळ्याचे शहरीकरण झाले’ असे लिहिले, तर अठराव्या शतकावर विसाव्या शतकाचा शब्द लादल्यासारखे होते.

कसब्याच्याही आधीचा शब्द हवा असेल तर तोही खानदेशातच सापडतो. चाळीसगावजवळच्या पाटण येथे, भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने स्थापलेल्या मठाला मिळालेल्या दानाचा इ. स. १२०७ चा शिलालेख आहे. लेख बहुतांशी संस्कृतात आहे, पण दानाचा व्यवहारी तपशील मराठीत आहे आणि तो ‘इयां पाटणीं जें केणें उघटे’ असा सुरू होतो. ‘या पाटणात जो विक्रीचा माल येईल’ असा त्याचा भाव असून त्या मालावरचा राजवाड्याचा हिस्सा मठाला दिल्याचे पुढे सांगितले आहे. येथे ‘पाटण’ हे नुसते विशेषनाम राहत नाही. माल उतरवून घेणारे, कर गोळा करणारे व्यापारी नगर हा त्याचा अर्थ त्या वाक्यातच उभा आहे. शास्त्र शिकवणाऱ्या मठाची तरतूद बाजाराच्या उत्पन्नातून व्हावी आणि ती सर्वांना कळावी म्हणून मराठीत कोरावी, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते. ज्या पाटणाच्या बाजारातून मठ चालला, तेथे आज लहानसे खेडे आहे.

तरीही आजच्या पारोळ्याचे वर्णन करताना ‘कसबा’ वापरावा असे मी सुचवणार नाही. पुणे-कोल्हापूरकडच्या वाचकाला त्या शब्दाने कसबा पेठ किंवा कसबा बावडा आठवेल, आणि तरुण वाचकाला तो हिंदीतला ‘कस्बा’ वाटेल. आजच्यासाठी ‘तालुक्याचे गाव’ हेच उत्तम. ‘शहर’ म्हणणेही चूक नाही, कारण कायद्याने नगरपरिषद असलेली प्रत्येक वस्ती जनगणनेत शहर म्हणूनच गणली जाते. नगरपरिषद नसलेल्या गावाला मात्र तीन अटी पार कराव्या लागतात: किमान ५,००० लोकसंख्या, मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेर, आणि दर चौरस किलोमीटरला किमान ४०० लोकांची घनता. बोलीचा न्याय याहून वेगळा आहे. नव्या वसाहतीत राहणारा माणूस जुन्या पेठेत जायला निघाला की ‘गावात जाऊन येतो’ म्हणतो, आणि त्याच पेठेत खेड्यावरून बाजाराला आलेला माणूस ‘तालुक्याला आलो होतो’ असे सांगतो. एकाच जागेला दोघांनी दिलेली ही दोन नावे दोन्ही खरी आहेत.

आता पाण्याविषयी. ‘सरोवर’ हा शब्द मराठीत मुख्यतः निसर्गाने घडवलेल्या विस्तीर्ण जलाशयासाठी, किंवा काव्यात आणि पुराणकथेत येतो. लोणारचे सरोवर म्हणताना तो शोभतो, कारण ते माणसाने खोदलेले नाही. माणसाने पाळ घालून किंवा खोदून अडवलेल्या पाण्याला ‘तलाव’ किंवा ‘तळे’ म्हणावे. धुळ्याला पाणी पुरवणारा नकाणे तलाव, जळगावचा मेहरूण तलाव, तोरणमाळचा यशवंत तलाव, मुक्ताईनगर तालुक्यातील हरताळ्याचा तलाव ही आपल्याकडची रूढ नावे पाहिली, तर खानदेशाने मोठ्या साठ्यासाठी ‘तलाव’ हाच शब्द पसंत केल्याचे दिसते. ‘तळे’ त्याहून लहान आणि अधिक घरगुती. देवळापुढे तळे असते, गावाबाहेर तलाव असतो. पद्मालयाच्या गणपतीपुढील कमळांच्या पाण्याला ‘तळे’ म्हटले की जिव्हाळा येतो. अहिराणीत आणि लेवा बोलीत ‘ळ’चा ‘य’ होतो, धुळ्याचे ‘धुये’ आणि जळगावचे ‘जयगाव’ होते. तेव्हा वयस्कर माणसाच्या तोंडी या शब्दाचे निराळे रूप ऐकू आले, तर विद्यार्थ्यांनी ते चूक समजू नये.

‘जलाशय’ हा शब्द धरणाच्या पाण्यासाठी राखून ठेवावा. तापीवरच्या हतनूर धरणामागे जे पाणी चांगदेवच्या तापी-पूर्णा संगमाकडे पसरते, त्याला पाटबंधारे खात्याच्या भाषेत ‘जलाशय’ म्हणतात, आणि मागे सरकत गेलेल्या त्या पाण्यासाठी ‘फुगवटा’ असा सुंदर मराठी शब्द आहे. तो असताना ‘बॅकवॉटर’ लिहायची गरज नाही. उन्हाळ्यात फुगवटा ओसरला की उघड्या पडलेल्या ओल्या गाळात पीक घेतात, ती ‘गाळपेर’. पारोळ्याच्या तलावाला मात्र ‘जलाशय’ म्हणू नये. तसे केल्याने किल्ल्याशेजारचे जुने पाणी एखाद्या प्रकल्पाचे वाटू लागते.

लोकसंख्येच्या वाक्यात एक उघड दोष आहे. ‘लोकसंख्या’ हा आकडा आहे, तो कोठे राहत नाही. लोक राहतात किंवा वस्ती असते. म्हणून ‘२००१ च्या जनगणनेनुसार पारोळ्याची लोकसंख्या सुमारे ३५ हजार होती’ असे लिहावे, आणि वर्ष दिल्याशिवाय आकडा देऊ नये. पूर्वी मोजणी घरांची होत असे, म्हणून जनगणनेचा जुना शब्द ‘खानेसुमारी’, त्यातला ‘खाना’ म्हणजे घर. माणसे मोजू लागल्यावर ‘शिरगणती’ हा शब्द पुढे आला. ‘शंभर उंबऱ्यांचे गाव’ हा प्रयोग त्या घरमोजणीतलाच आहे. गॅझेटिअरमधील ५० घरांच्या नोंदीला म्हणून ‘५० उंबऱ्यांचे खेडे’ असे म्हणता येईल. तिला लोकसंख्या म्हणता येणार नाही.

या सर्वांवरून पहिले वाक्य असे होईल: ‘पारोळा हे जळगाव जिल्ह्यातील तालुक्याचे गाव असून येथील भुईकोट किल्ला तलावाला लागून आहे.’ ‘वसलेले’ हा शब्द मी मुद्दाम गाळला आहे. येथे गाव आधी होते आणि किल्ला नंतर आला. ‘तलावाकाठी वसलेले’ म्हटले की तलावामुळेच गाव वसले असा अर्थ निघतो, आणि त्याला आधार नाही.

स्मरणिकेत विभक्तीचे रूपही सांभाळावे. अलीकडे बातम्यांत ‘पारोळाला’, ‘चोपडाहून’, ‘शहादामध्ये’ अशी रूपे दिसतात. आकारान्त ग्रामनामांचे सामान्यरूप मराठीत होते, आणि खानदेशातील माणूस बोलताना ते बिनचूक करतो: पारोळ्याला, चोपड्याहून, शहाद्यात, पाचोऱ्याचा. यावल, एरंडोल, अमळनेर ही नावे व्यंजनाने संपत असल्यामुळे ती तशीच राहतात: यावलला, एरंडोलहून, अमळनेरचा. शीर्षकात मूळ नाव ‘पारोळा’ असेच ठेवावे आणि मजकुरात प्रत्यय लागेल तेथे ‘पारोळ्या-’ हे रूप निःशंकपणे वापरावे.