खेळताना चुकून विंडोज-की दाबली गेली आणि मॅच गेली?

अरे, लगेच कीबोर्ड बदलायला निघू नकोस. आधी कीबोर्डचा गेम मोड बघ: बऱ्याच गेमिंग कीबोर्डवर एफएन आणि विंडोज-की एकत्र दाबली की विंडोज-की बंद होते. मग स्टिकी कीज, म्हणजे शिफ्ट-कंट्रोल धरून न ठेवता वापरायची विंडोजची सोय. शिफ्ट पाचदा दाबलं की ती खिडकी टपकते, नेमकी भर मॅचमध्ये! सेटिंग्जमध्ये अ‍ॅक्सेसिबिलिटीत जाऊन तो शॉर्टकट बंद कर. कॅप्स लॉक नडत असेल तर मायक्रोसॉफ्टच्या पॉवरटॉइज या फुकट सॉफ्टवेअरच्या कीबोर्ड मॅनेजरमधून तेवढीच की बंद करता येते.

खरी गोम स्विचमध्ये, म्हणजे प्रत्येक कीखालच्या बटणात असते. चेरी कंपनीचा स्पीड सिल्व्हर स्विच 1.2 मिमी दाबला की लगेच लागतो, रेड 2 मिमीवर. मीही हौसेने सिल्व्हर घेतला होता. बोट नुसतं टेकलं की ग्रेनेड पायाशी. कीबोर्ड हॉट-स्वॅप असेल, म्हणजे स्विच सोल्डरिंगशिवाय काढता-घालता येत असतील, तर सगळे स्विच बदलू नकोस. चुकून लागणाऱ्या दोन-तीन कीजखालीच ब्लॅकसारखे जड स्विच बसव. पुण्याच्या तपकीर गल्लीत चौकशी कर, पण जुना स्विच काढून खिशात ने: तीन पिनचा की पाच पिनचा, हे दुकानदार विचारणारच.

आणि मनगट टेबलावर रेलून खेळतोस ना? ते थोडं उचल, करंगळी आपोआप कंट्रोलवरून सरकेल.