मुलांसोबत पहिला पदार्थ: ओरेकिएत्ते

मुलांसोबत देशोदेशीचे पदार्थ करायचे असतील, तर सुरुवातीलाच पाच देश घेऊ नका. एकच पदार्थ घ्या, पण मुळापासून करा. इटलीच्या पुलिया भागातला ओरेकिएत्ते पास्ता त्यासाठी उत्तम. अंडं नको, यंत्र नको, लहान अंगठ्यालाही जमतो.

ड्युरम गव्हाचा (म्हणजे कडक दाण्याच्या गव्हाचा) पिठासारखा बारीक रवा 200 ग्रॅम, कोमट पाणी 100 मिली. 10 मिनिटं मळा. आधी गोळा भुरभुरीत वाटतो आणि मुलं पाणी मागतात. देऊ नका, सैल पीठ पाटाला चिकटतं. ओल्या फडक्याखाली 30 मिनिटं ठेवा, नाहीतर लाटलेली वळी आखडते. बोटाएवढी जाड वळी करून 1 सेंमीचे तुकडे पाडा. बोथट सुरीनं तुकडा दाबत स्वतःकडे ओढायचा, मग अंगठ्यावर उलटा करायचा. पाट लाकडीच हवा. गुळगुळीत ओट्यावर तुकडा घसरतो, खरखरीतपणा येत नाही आणि मग सॉस धरत नाही. पहिले दहा-बारा बिघडणारच, तेही शिजवा.

नावाचा अर्थ 'छोटे कान'. तो आधी सांगू नका, आकार बघून मुलांना ओळखू द्या! नकाशा आता काढा: पुलिया म्हणजे इटलीच्या बुटाची टाच. तिथे ड्युरम गहू पिकतो. उत्तरेत मऊ गव्हाच्या पिठात अंडं घालतात.

उकळतं पाणी मोठ्यांनीच हाताळायचं. लिटरला 10 ग्रॅम मीठ. 4 मिनिटांनी एक चाखून बघा.