‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधला सेनानी फॅरामीर चित्रपटात एवढा का बदलला?

मुख्य कारण कथेच्या मांडणीत आहे. कादंबरीच्या दुसऱ्या खंडाचा (1954) शेवट शीलॉब या महाकाय कोळिणीच्या गुहेपाशी होतो. दिग्दर्शक पीटर जॅक्सनने तो प्रसंग 2003च्या तिसऱ्या चित्रपटात ढकलला. मग 2002च्या दुसऱ्या चित्रपटात सत्तेचा मोह घालणारी अंगठी नष्ट करायला निघालेल्या फ्रोडो आणि सॅमच्या वाट्याला शेवटचा मोठा प्रसंगच उरेना. ती जागा फॅरामीरने भरली.

पुस्तकात सॅमच्या तोंडून अंगठीचं गुपित निसटतं, तेव्हा फॅरामीर क्षणभर उभा राहतो, दरारा वाटावा असा. पण अंगठी घेत नाही. हमरस्त्यात पडलेली दिसली तरी उचलणार नाही, असं तो आधीच बोलून बसलेला असतो. उलट शिधा आणि काठ्या देऊन दोघांना वाटेला लावतो. चित्रपटात मात्र त्यांना कैदी करून थेट ऑस्गिलिअथ या उद्ध्वस्त शहरात नेतो आणि तिथे गेल्यावर सोडतो. पुस्तकात हा फेराच नाही.

दुसरा मुद्दा अंगठीच्या धाकाचा. तास-दोन तास तिची भीती दाखवायची आणि मग एकजण सहज ‘नको’ म्हणतो, हे पडद्यावर पचत नाही, असं पटकथाकारांचं म्हणणं. पटण्यासारखं आहे, पण त्यात फॅरामीरचं वेगळेपणच गेलं. तो अंगठीच्या मोहाला बळी पडलेल्या थोरल्या भावासारखा, बोरोमीरसारखा वाटू लागतो.

दुसऱ्या चित्रपटाची विस्तारित आवृत्ती जरूर बघा. त्यात बाप डेनेथॉर आणि दोन्ही भावांचा जुना प्रसंग आहे. बापाच्या नजरेत मोल मिळावं म्हणून फॅरामीर अंगठी नेऊ पाहतोय, हे तिथे कळतं. चित्रपटगृहातल्या आवृत्तीत तो कापल्यामुळे फॅरामीर नुसताच आडमुठा दिसतो.