नुसता जादा वेळ देऊन वाचायला येत नाही

प्रश्न : ताई, आम्ही न्यू जर्सीत राहतो. मुलगा नऊ वर्षांचा, तिसरीत आहे. घरी मराठी घडाघडा बोलतो, तोंडी गणितं पटापट सोडवतो, पण इंग्रजी पुस्तक उघडलं की रडारड. बाहेर तपासणी करून घेतली, तर डिस्लेक्सिया (अक्षरं-शब्द वाचण्यातली अडचण) निघाला. शाळा म्हणते, ‘तो पास होतोय, म्हणून आयईपी (मुलापुरती आखलेली विशेष शिक्षणाची योजना) मिळणार नाही, ५०४ प्लॅन करू.’ त्यात परीक्षेला दीडपट वेळ आणि पुढच्या बाकावर जागा एवढंच आहे. यजमानांना तेच बरं वाटतं. आयईपी म्हणजे मुलावर कायमचा शिक्का, असं ते म्हणतात. दोन्हींत फरक काय? मी सही करू का?
– एक आई

उत्तर : गेली अठरा वर्षं मी इथल्या सरकारी शाळांत विशेष शिक्षिका आहे. तुमचं पत्र वाचताना मला एक चौथीतली मुलगी आठवली. ‘हाउस’ लिहिलेलं असलं की ती ‘हॉर्स’ वाचायची. पहिलं अक्षर बघायचं, मग चित्राकडे एक नजर, मग माझ्या चेहऱ्याकडे एक नजर, आणि अंदाजानं शब्द ठोकून द्यायचा. तिच्याकडेही ५०४ प्लॅन होता, दीडपट वेळेचा. वीस मिनिटांच्या उताऱ्याला तीस मिनिटं. ती अख्खी तीस मिनिटं पहिल्याच परिच्छेदावर बोट ठेवून बसली होती. कागद परत घेतला तेव्हा खोडरबरानं घासून घासून त्याला भोक पडलं होतं. त्या दिवशी मला फार अपराधी वाटलं. आम्ही तिला वेळ दिला होता, पण वाचायला कुणी शिकवलंच नव्हतं.

तुमच्या प्रश्नाचं मर्म इथंच आहे. ५०४ हे १९७३च्या पुनर्वसन कायद्यातलं कलम. अपंगत्वामुळे कुणाला डावललं जाऊ नये, हा त्याचा हेतू. त्यामुळे व्यवहारात या प्लॅनमध्ये सवलती येतात : वेळ, जागा, शांत खोली, मोठी अक्षरं, प्रश्न वाचून दाखवणं. आयईपी येतो तो १९७५ साली झालेल्या आणि आज आयडीईए म्हणून ओळखल्या जाणाऱ्या विशेष शिक्षणाच्या कायद्यातून. तिथं शाळेला मुलाच्या गरजेनुसार वेगळ्या पद्धतीनं शिकवावं लागतं. कोण शिकवणार, आठवड्यातून किती वेळा, किती मिनिटं, वर्षअखेर मूल कुठवर पोचायला हवं, हे सगळं कागदावर येतं. दर वर्षी बैठक होते, आणि तीन वर्षांतून एकदा तरी फेरतपासणी, शाळा व पालक दोघांनी ‘गरज नाही’ असं ठरवलं तरच ती टळते. कायद्यानं आईवडील आयईपी ठरवणाऱ्या टीमचे सदस्य असतात. बैठकीतलं इंग्रजी जड जात असेल तर दुभाषा मागा, तो तुमचा हक्क आहे. ५०४च्या टीममध्ये पालकांना घ्यायलाच हवं, असं केंद्राच्या नियमांत नाही. बऱ्याच शाळा बोलावतात, हा त्यांचा चांगुलपणा.

पण म्हणून ५०४ला कमी लेखू नका. माझ्या वर्गात मधुमेह असलेला एक मुलगा होता. साखर तपासायला केव्हाही उठता यावं, खाऊ जवळ ठेवता यावा, परीक्षेत साखर उतरली तर घड्याळ थांबावं, एवढंच त्याला हवं होतं. तो उत्तम वाचायचा. त्याला ५०४ अगदी नेमका बसला. शिवाय आयईपी शालेय शिक्षणाबरोबर संपतो, पण कलम ५०४चं संरक्षण कॉलेजातही मिळतं.

तुमच्या मुलाची अडचण वेगळी आहे. शब्द फोडून वाचणं हीच त्याची अडचण असेल, तर त्याला अक्षर आणि ध्वनी यांची सांगड पायरी पायरीनं, रोज, पुन्हा पुन्हा घालून देणारं शिकवणं हवं. पुढच्या बाकावर बसून ते येत नाही.

‘पास होतोय म्हणून आयईपी नाही’ हे शाळेचं उत्तर मला मुळीच पटलेलं नाही. मूल वरच्या वर्गात जात असलं तरी ते पात्र ठरू शकतं, असं केंद्राच्या नियमांतच लिहिलेलं आहे. मात्र बाहेरचा डिस्लेक्सियाचा अहवाल आहे म्हणून आयईपी आपोआप मिळत नाही. शाळेला तो विचारात घ्यावा लागतो, पण अपंगत्व कायद्यातल्या तेरा प्रकारांपैकी एखाद्यात बसतं का आणि त्यामुळे विशेष शिकवण्याची गरज आहे का, हे टीम ठरवते. डिस्लेक्सिया ‘विशिष्ट अध्ययन अक्षमता’ या प्रकारात येतो.

आता यजमानांच्या काळजीबद्दल. ती मी किती आईवडिलांच्या डोळ्यांत पाहिली आहे, म्हणून तिला उडवून लावणार नाही. पण आयईपी म्हणजे वेगळ्या वर्गात रवानगी नव्हे. शक्य तितकं मूल इतर मुलांबरोबरच शिकावं, असं कायदा सांगतो. माझी बहुतेक मुलं दिवसातला एखादा तास माझ्याकडे येतात आणि बाकी वेळ आपल्या वर्गात असतात. शाळेच्या नोंदी गोपनीय असतात. तुमच्या लेखी संमतीशिवाय पहिली तपासणीही होत नाही आणि सेवाही सुरू होत नाही. पुढं नको वाटलं तर संमती लेखी मागेही घेता येते. आणि खरं सांगू? वाचता न येणाऱ्या मुलावर वर्गातली मुलं स्वतःच शिक्का मारतात. तो पुसायला मला फार वेळ लागतो.

सही करायला हरकत नाही. ५०४ घेतल्यानं आयईपीची तपासणी मागायचा हक्क जात नाही. निदान या परीक्षेपुरता त्याला वेळ तर मिळेल.

पण त्याच आठवड्यात शाळेच्या चाइल्ड स्टडी टीमला, म्हणजे विशेष शिक्षणासाठी मुलांची तपासणी करणाऱ्या गटाला, पत्र लिहा. तोंडी सांगितलेलं धरू नका. ‘माझ्या मुलाची विशेष शिक्षणासाठी तपासणी करावी अशी माझी विनंती आहे,’ हे एक वाक्य पुरे. न्यू जर्सीत पत्र मिळाल्यापासून वीस दिवसांत शाळेला बैठक घ्यावी लागते आणि तुम्ही संमती दिल्यापासून नव्वद दिवसांत तपासणीपासून आयईपी लागू होईपर्यंतचं सगळं काम व्हायला हवं. ‘आधी थोडे दिवस वाचनाच्या गटात बसवून बघू’ असं म्हणाले, तर गटात जरूर बसवा, पण त्यासाठी तपासणी लांबवता येत नाही. नकार दिला, तर तो कारणांसह लेखी मागा. शाळेची तपासणी झाल्यावर ती पटली नाही, तर शाळेच्या खर्चानं स्वतंत्र तपासणी मागता येते. त्यावर शाळेनं एक तर खर्च द्यायचा, नाही तर आपली तपासणी योग्य होती हे सुनावणीत सिद्ध करायचं.

पत्राला बाहेरचा अहवाल जोडा. बैठकीला जाताना घरच्या अभ्यासाची दोन-तीन पानं न्या, खाडाखोड असलेलीच, नीट उतरवून काढलेली नकोत. गृहपाठाला किती वेळ लागला आणि कुठल्या ओळीला रडू आलं, तेही त्या पानाच्या कोपऱ्यात लिहून ठेवा. पत्रावर तारीख घाला आणि एक प्रत स्वतःजवळ ठेवा.