वाचकांचे प्रश्न : एका चर्चची अनेक शतके

प्रश्न : इंग्लंडमधल्या एका खेड्यातलं चर्च पाहिलं. दारावर गोल कमान, बाजूला अरुंद टोकदार खिडक्या, मनोऱ्याला उभ्या दगडी दांड्यांची मोठी खिडकी. पाटीवर मात्र ‘बारावे शतक’ एवढंच. वय नेमकं कोणतं धरायचं?

उत्तर : पाटीवर बहुधा सर्वांत जुन्या भागाचं शतक असतं. गावाच्या हाती पैसा आला की चर्चमध्ये भर पडायची, त्यामुळे प्रत्येक भागाचं वय वेगळं धरावं लागतं. गोल कमान नॉर्मन, म्हणजे फ्रान्समधून आलेल्या नॉर्मनांनी 1066 मध्ये इंग्लंड जिंकल्यानंतरची, साधारण 1190 पर्यंतची. हेरफर्डशरमधल्या किल्पेकचं कोरीव दार (सुमारे 1140) तिचा अप्रतिम नमुना. अरुंद टोकदार खिडक्या त्यापुढच्या सुमारे साठ वर्षांतल्या. खिडकीतली दगडी जाळी फुलापानांसारखी वळू लागली की चौदाव्या शतकाच्या आसपास यायचं. दांड्या थेट कमानीपर्यंत सरळ चढत असतील, तर 1350 नंतरचं काम. ही विभागणी वास्तुविशारद थॉमस रिकमननं 1817 मध्ये रूढ केली.

पण खिडकीवरून भिंतीचं वय ठरवू नका. जुन्या भिंतीत नवी खिडकी सर्रास बसवत. भिंतीत वरपासून खालपर्यंत सरळ उभा सांधा दिसला, तर तिथे एक बांधकाम संपून दुसरं सुरू झालं. मनोऱ्याच्या पूर्व अंगावर उलट्या ‘व्ही’सारखी खूण शोधा. ती जुन्या उंच उताराच्या छपराची. गवताला किंवा लाकडी फळ्यांना तीव्र उतार लागतो. शिशाचे पत्रे मात्र अशा उतारावरून हळूहळू खाली सरकतात. म्हणून पुढे शिसं घालताना उतार कमी केला, आणि अनेकदा भिंती चढवून वर खिडक्यांची रांग काढली.

वेदीकडचा भाग ठेंगणा आणि लोकांच्या बसण्याचा भाग भव्य, असंही दिसतं. वेदीकडची डागडुजी रेक्टरची, म्हणजे चर्चच्या उत्पन्नावर हक्क असलेल्याची, आणि उरलेली गावकऱ्यांची, असा रिवाज होता. सफकमधल्या लोकरीच्या व्यापारानं गबर झालेल्या गावांनी आपला भाग दिमाखात उभारला.

प्रश्न : आतल्या भिंती उघड्या दगडांच्या होत्या. मध्ययुगात अशाच असत का?

उत्तर : बहुतेक ठिकाणी नाही. ओबडधोबड दगडांवर चुन्याचा गिलावा आणि त्यावर रंगीत चित्रं असत. चर्चमधल्या चित्रांना विरोध करणाऱ्या सोळाव्या शतकातल्या धर्मसुधारणेत ती पांढऱ्या चुन्याखाली गेली. यॉर्कशरमधल्या पिकरिंगची चित्रं 1852 मध्ये सापडली आणि पुन्हा चुन्याखाली झाकली गेली. नंतर ती परत उघडी केली, म्हणून आज पाहता येतात. एकोणिसाव्या शतकात ‘मूळ रूप’ आणण्याच्या नादात कित्येक चर्चमधला गिलावा खरवडला गेला. त्याविरुद्ध कवी आणि कलाकार विल्यम मॉरिसनं 1877 मध्ये जुन्या वास्तूंच्या रक्षणासाठी संस्था काढली. हे नुकसान मला सर्वांत जास्त खुपतं, कारण गिलाव्याबरोबर चित्रंही गेली.

प्रश्न : अशा भिंतीच्या दरजा सिमेंटनं भरल्या तर काय बिघडतं?

उत्तर : भिंतीतली ओल चुन्याच्या दरजांतून बाहेर पडते. सिमेंट ती अडवतं, मग ओल दगडातूनच सुकते. क्षार दगडाच्या पृष्ठभागाशी साचून स्फटिक होतात आणि दगडाचे पापुद्रे सुटतात. आधी पन्हळी आणि जमिनीवरचा निचरा दुरुस्त करावा. मग हातछिन्नीनं, दगडाच्या कडा सांभाळून, सिमेंट काढावं आणि साधारण एक भाग चुना, तीन भाग वाळू असं मिश्रण भरावं. ते आठवडाभर ओलसर ठेवावं. थंडीत गोठण्याची शक्यता असेल तर काम पुढे ढकलावं. चर्च ऑफ इंग्लंडच्या वास्तूत असं काम करण्याआधी धर्मप्रांताची परवानगी लागते का, हे विचारूनच छिन्नी हाती घ्यावी.